उजव्या स्पीकरमधली बाई

माहितीपट कोण बनवतं, असं विचारलं तर लोक पटकन सांगतात, दिग्दर्शक. लोकांचं काही चुकत नाही, पडद्यावर तसं लिहिलेलंच असतं. पण दिग्दर्शक नुसता म्हणतो, "आत्ता इथून एखादी म्हातारी गेली तर काय बहार येईल!" आता ही म्हातारी आणायची कुठून? कारखान्याच्या मालकाची परवानगी, परवानगीवरचा शिक्का, ऐन शॉटच्या वेळी भुंकणाऱ्या कुत्र्याला बिस्किटं, आणि पावणेदोन मिनिटांच्या मुक्या चित्राला पुरेल इतकं शहाणपण, हे काही झाडाला लागत नाही. ते सहायक दिग्दर्शक आणि लेखक अशी दोन माणसं मिळून पैदा करतात. आपल्या गोष्टीत ही दोन माणसं म्हणजे एकच बाई होती.

तिला सगळे पुरवणी म्हणायचे. परीक्षेत उत्तरपत्रिका भरली की मुलं पुरवणी मागतात, तसं साहेबांना सुचायचं संपलं की ते तिला हाक मारायचे. फरक इतकाच की मुलं आधी निदान उत्तरपत्रिका भरतात. एकोणीस वर्षांत तिने शंभरावर माहितीपट लिहिले, पन्नासेक माणसांना कॅमेऱ्यासमोर रडवलं, दोन बकऱ्या आणि एका महापौराला ओळीत चालवलं. म्हातारी मिळाली नाही तर डोक्यावर शाल घेऊन ती स्वतःच पाठमोरी चालत जायची. तिच्या घरच्यांनी तिला टीव्हीवर पाहिलं ते बहुतेक असं, मागून.

साहेब मात्र समोरून फार देखणे होते. रुपेरी केस, गळ्यात मफलर, आणि कुठल्याही गोष्टीकडे बघून "हं" म्हणायची अशी काही ढब, की समोरच्याला वाटावं, आपल्याला काहीतरी कळलं नाही. उंटावरून शेळ्या हाकायच्या तरी आधी उंटावर चढावं लागतं. साहेब तेवढेही कष्ट घेत नसत. पुरवणी कधी कुरकुरलीच तर ते तिच्या खांद्यावर हात ठेवून सांगायचे, "पुढची फिल्म तुझी." हे त्यांनी पहिल्यांदा सांगितलं त्याला आता अकरा वर्षं झाली होती.

पण या वेळी गोष्ट वेगळी होती. जुन्या कारागिरांवर सहा माहितीपट करायचे होते, आणि वाहिनीच्या मोठ्या बाईंनी स्वतः, सगळ्यांसमोर सांगितलं होतं, "पाच साहेबांनी करावेत. पाचवा विनातक्रार पार पडला, तर सहावा हिला देऊन बघू." नुसतं सांगितलं नव्हतं, कागद तयार करून टेबलावर ठेवला होता. सही तेवढी राहिली होती. सहाव्याचा विषय होता सर्कशीचे तंबू शिवणारी माणसं. पुरवणीने त्याच्यासाठी एक जाडजूड वही केली होती, आणि ती वही ती आंघोळीला जातानाही नजरेआड करत नव्हती. चव्वेचाळिसावं लागलं होतं तिला. आता नाही तर कधीच नाही, हे तिला कुणी सांगायला नको होतं.

पाचवा माहितीपट होता पुस्तकं बांधणाऱ्या कारागिरावर. गल्लीच्या तोंडाशी दुकान, वर बाइंडरकाकांच्या नावाची पाटी. आत खळीचा आंबूस वास, छतापर्यंत कागदांच्या थप्प्या, आणि कोपऱ्यात एक लोखंडी दाबयंत्र, ज्याच्या चाकावर काकांनी टोपी टांगलेली. काका ऐंशीचे होते, भुवया भरघोस, आणि बोलायला लागले की ऐकत राहावं असं वाटे. साहेब नऊला आले, काकांची तासभर मुलाखत घेतली, दहाला शिंकले आणि सव्वादहाला निघाले. जाताना म्हणाले, "हातांचे शॉट तेवढे घेऊन टाक गं. हात म्हणजे या फिल्मचा आत्मा आहे."

आत्मा टिपायला बसल्यावर कळलं की आत्मा जागेवर नाही. काकांना सुईत दोरा ओवायलाच सात मिनिटं लागली. पहिला टाका कागदात गेला, दुसरा बोटात, तिसराही बोटात. "हल्ली चष्म्याचा नंबर बदललाय," काका म्हणाले. कॅमेरावाल्याने पुरवणीकडे पाहिलं, पुरवणीने छताकडे.

मागे खिडकीशी एक बाई सकाळपासून खाली मान घालून शिवत बसली होती. काकांची धाकटी बहीण. दुकानात येणारे-जाणारे सगळेच तिला आत्या म्हणत. आत्यांनी मान वर न करताच हात पुढे केला. "आण इकडे." आणि मग जे सुरू झालं ते बघून कॅमेरावाला जेवायची वेळ विसरला. घडी घातलेली पानं उचलायची, घडीच्या बरोबर पोटातून सुई घालायची, बाहेर काढायची, मागच्या टाक्याखालून दोरा घेऊन हलकेच ओढायचा. इतकंच. पण त्या हातांना कसली घाई नव्हती आणि कसली शंकाही नव्हती.

"आत्या, कधीपासून शिवताय?" पुरवणीने विचारलं.

"चौदाव्या वर्षापासून."

"आणि काका?"

"तो बोलतो," आत्या म्हणाल्या. "गिऱ्हाइकांशी कुणीतरी बोलायला हवंच की."

आता खरं तर पुरवणीने तिथेच साहेबांना फोन करून सांगायचं, की तुमच्या फिल्मचा माणूस चुकलाय. पण एकोणीस वर्षांची सवय अशी सुटत नाही. खुंटीवर काकांचा दुसरा निळा शर्ट होता. तिने तो काढला, आत्यांना चढवला, बाह्यांची बटणं लावली, मनगटावरचं घड्याळ काढून ठेवलं, आणि कॅमेरा इतका जवळ नेला की बाहीच्या वर काही दिसूच नये.

"चेहरा कुणाचा दाखवणार?" आत्यांनी विचारलं.

"काकांचा."

"मग ठीक आहे. आमच्याकडे तसंच चालतं."

पुरवणी हसली, पण ते तिला कुठेतरी लागलं. कुठे, ते तिने तपासून पाहिलं नाही.

पुढे संकलन. या कामाची एक पद्धत असते. चित्रं जोडताना कुठे किती बोलायचं हे मोजायला निवेदन लागतं, आणि ज्यांचा आवाज शेवटी लागायचा ते निवेदक अगदी शेवटच्या दिवशी, गळ्याला काहीबाही लावून येतात. त्यांना सगळे नुसतं आवाज म्हणत. मेघ गडगडावा असा तो आवाज. पाण्याचं बिल वाचलं तरी माणसं उठून उभी राहतील. ते येईपर्यंत कच्चं निवेदन पुरवणी स्वतःच वाचायची. डावीकडच्या ध्वनिपट्टीवर जागा आवाजासाठी राखलेली, उजवीकडच्या पट्टीवर पुरवणी. शेवटी उजवी पट्टी पुसायची, की झालं.

आता दुपारी तीनच्या सुमाराला संकलक पेंगायला लागतो. त्याला सगळे कात्री म्हणायचे, आणि पेंगणारी कात्री म्हणजे धोका. त्याला जागं ठेवायला म्हणून पुरवणी कच्च्या निवेदनात मनातलं बोलायची. वर्षानुवर्षं बोलत आली होती. कात्री खुर्चीतून पडेपर्यंत हसायचा, मग उजवी पट्टी पुसायचा, आणि जग शांत राहायचं.

पाचव्या फिल्मच्या शेवटच्या दिवशी कात्रीची दाढ दुखायला लागली. तो दवाखान्यात पळाला. पुरवणीला वाटलं, पट्टी त्याने पुसली. त्याला वाटलं, ती पुसेल. संध्याकाळी पाचच्या आत फिल्म वाहिनीला द्यायची होती, तिने दिली. वाहिनीच्या तपासणीच्या खोलीत मोठ्या बाईंनी ती पहिल्यापासून शेवटपर्यंत पाहिली, ऐकली आणि पास केली. त्या खोलीतला उजवा स्पीकर कित्येक वर्षं बंद होता. त्याच्यावर एक कुंडी ठेवलेली असे, आणि तिला रोज नेमाने पाणी घातलं जाई.

रविवारी सकाळी अकराला पुरवणीच्या घरी सगळे टीव्हीसमोर बसले. नवरा, लेक आणि सासूबाई. सासूबाईंनी तीस वर्षं टेलिफोन ऑफिसात ऑपरेटर म्हणून काढली होती. डावा कान किंचित मंद झाला असला तरी उजवा अजून चांगलाच तिखट होता. नवऱ्याला चांगल्या ध्वनीची हौस, त्यामुळे टीव्हीला दोन्ही बाजूंना उंच स्पीकर होते, आणि दोन्ही चालत होते.

पडद्यावर सोनेरी उन्हात दुकानाचं दार उघडलं. डावीकडून आवाज गडगडला, "सकाळची पहिली किरणं या दारातून आत येतात, तेव्हा…"

उजवीकडून एक बाई म्हणाली, "दुपारचे अडीच. किरणं म्हणजे आमचा दिवा, पुढे पिवळा कागद लावलाय."

पुरवणीच्या हातातला कप तसाच राहिला.

"क्रॉस कनेक्शन आहे गं," सासूबाई म्हणाल्या.

"एक अनामिक वाचक," आवाज म्हणाला, "आपलं जिवापाड जपलेलं पुस्तक घेऊन येतो."

"हा अनामिक वाचक आमचा ड्रायव्हर," बाई म्हणाली. "याने जन्मात एकच पुस्तक उघडलंय, गाडीच्या परवान्याचं."

लेक फिस्कन हसली. नवऱ्याने आधी टीव्हीकडे पाहिलं, मग बायकोकडे, मग पुन्हा टीव्हीकडे. पुरवणी फोनवर झेपावली. वाहिनीचा ड्यूटीवरचा इंजिनियर शांतपणे म्हणाला, "मीटरचे दोन्ही काटे हलताहेत, बाई. आवाज अगदी व्यवस्थित आहे." तोवर पडद्यावर हात आले होते.

"साठ वर्षं," आवाज दाटून आला, "याच थकलेल्या, पण न हरलेल्या हातांनी…"

"हात थकलेले नाहीत आणि काकांचेही नाहीत. आत्यांचे आहेत. काकांचा आहे तो शर्ट. बटणं मी लावलीत."

"अय्या," सासूबाई पुढे सरकल्या. "मग काका काय करतात?"

"काका बोलतात," उजवा स्पीकर म्हणाला. सासूबाईंना समाधान वाटलं. लाइनवरच्या माणसाने नीट उत्तर दिलेलं त्यांना नेहमीच आवडायचं.

पुरवणीने फोन खाली ठेवला. आतापर्यंत झालं ते काहीच नव्हतं. एकविसाव्या मिनिटाला आपण काय बोललोय, हे तिला शब्दन् शब्द आठवत होतं, आणि ती मिनिटं मोजत होती. फिल्म थांबवता येत नव्हती, घड्याळ थांबवता येत नव्हतं. आणि एकविसावं मिनिट आलंच. पडद्यावर छपरावरून कबुतरं उडाली.

"आणि काळाच्या आभाळात," आवाज म्हणाला, "ही कला आपले पंख पसरते…"

"आता चाळीस सेकंद कबुतरं," बाई म्हणाली, "कारण साहेबांना शेवट सुचला नाही. सुचणार कसा? ते सव्वादहाला घरी गेले. कात्री, झोपू नकोस रे. पुढची फिल्म तुझी, असं अकरा वर्षं ऐकतेय मी. अकरा वर्षांत कबुतरांच्या किती पिढ्या झाल्या असतील?"

कबुतरं संपली. नावांच्या पाट्या धावल्या. दिग्दर्शक म्हणून साहेबांचं नाव मोठ्या अक्षरात आलं आणि गेलं. मग सासूबाई म्हणाल्या, "इतक्या वर्षांत पहिल्यांदा तुझी फिल्म मला कळली." त्यांनी हे कौतुकानेच म्हटलं होतं, पण पुरवणी आत जाऊन पलंगावर पालथी पडली आणि तंबूवाल्यांची वही उशीखाली सारून रडली.

सोमवारी सकाळी दहाला मोठ्या बाईंच्या खोलीत बोलावणं आलं. साहेब आधीच बसले होते, मफलर घट्ट आवळलेला. पुरवणी दाराशी उभी राहिली. मोठ्या बाईंचा चेहरा नेहमी इतका कोरा असायचा की त्यावरून ताकास तूर लागत नसे.

"कालपासून फोन थांबलेले नाहीत," मोठ्या बाई म्हणाल्या. "आमच्या माहितीपटांना फोन येत नाहीत. गेल्या वर्षी एक आला होता, तो चुकीचा नंबर निघाला. लोक म्हणताहेत, पुन्हा दाखवा. घरोघरी मुलं अनामिक वाचकाची नक्कल करताहेत. मला एवढंच सांगा, हे काय होतं?"

आत येताना साहेबांच्या मनात काय होतं कोण जाणे. पण 'पुन्हा दाखवा' हे शब्द ऐकताच मफलर सैल झाला.

"प्रयोग," साहेब म्हणाले. "बरीच वर्षं मनात घोळत होता. डावा स्पीकर म्हणजे समाज जे सांगतो ते, उजवा म्हणजे जे लपवतो ते. मी मुद्दामच आधी बोललो नाही. हिला वाचायला दिलं, हिने छान वाचलं हं."

आयत्या बिळावर नागोबा हे पुरवणीने शाळेत वाचलं होतं. नागोबा बसताना इतक्या जवळून कधी पाहिला नव्हता.

"वा," मोठ्या बाई म्हणाल्या. त्यांनी टेबलावरचा कागद उचलला. "मग सहावीही अशीच व्हायला हवी. म्हणजे ती तुम्हीच करा. असा प्रयोग मध्येच दुसऱ्याच्या हाती द्यायला नको."

पुरवणीने मनात हिशेब केला. प्रयोग नव्हता, चूक होती, असं म्हणावं तर पट्टी न पुसल्याबद्दल तिची आणि कात्रीची नोकरी जाणार. गप्प बसावं तर तंबूवाले साहेबांचे होणार. धरलं तर चावतं, सोडलं तर पळतं. तेवढ्यात शिपाई आत आला. बाइंडिंगवाले आलेत म्हणाला. दोघं आहेत, आणि भडकलेत.

काका आले ते इस्त्री केलेल्या शर्टात, भुवया ताठ करून. मागे आत्या, काखेत कापडी पिशवी.

"माझी बदनामी झाली," काका खणखणीत आवाजात म्हणाले. "साठ वर्षांची पाटी आहे माझी. गल्लीतली पोरं विचारताहेत, काका, हात कुठे ठेवलेत? फिल्ममधले हात माझे आहेत. तसं जाहीर करा, नाहीतर मी वकील गाठतो."

मोठ्या बाई साहेबांकडे वळल्या. "शूटिंग तुमचं. हात कुणाचे?"

साहेबांनी सवयीने पुरवणीकडे पाहिलं. शब्द अडला की ते तिकडेच बघत. ती खिडकीबाहेर बघत होती, अगदी मन लावून.

"आता असं आहे," साहेब म्हणाले, "कलेच्या पातळीवर पाहिलं, तर हात हे… हात आपल्या सगळ्यांचेच असतात."

"माझी तक्रार वेगळी आहे," आत्या म्हणाल्या. त्या इतक्या हळू बोलल्या की सगळे पुढे वाकले. "हात कुणाचे म्हणायचं ते म्हणा. शर्ट चढवा, पाटी लावा. पण मला डावखुरी कुणी केली?"

कुणाला काही कळलं नाही. पुरवणीला कळलं.

गोष्ट साधी होती. काकांचा चेहरा पडद्यावर डावीकडे बघत होता. आत्या खिडकीच्या बाजूला बसलेल्या, त्यामुळे त्यांचे हात उलट दिशेने येत होते. चेहरा आणि हात एका माणसाचे वाटेनात. संकलनात अशा वेळी चित्र आरशासारखं उलटवतात, एक बटण दाबलं की झालं. पुरवणी म्हणाली, "उलटव," कात्रीने उलटवलं. दिवसातून दहादा होणारी गोष्ट. तिने कच्च्या निवेदनात दिव्यापासून ड्रायव्हरपर्यंत सगळ्यांचं खोटं बाहेर काढलं होतं, पण हे तिला खोटं वाटलंच नव्हतं. हे काम होतं.

"उजव्या हाताने शिवते मी," आत्या सांगत होत्या. "दोऱ्याला पीळ असतो. मी शिवते तशी सुई फिरवली की तो घट्ट बसतो. तुम्ही दाखवलीत तशी डाव्या हाताने फिरवली की सैल पडतो. चार वाचनांत पानं हातात. ज्याला यातलं कळतं तो म्हणेल, या बाईला शिवता येत नाही."

मोठ्या बाईंनी काकांना अगदी गोडीने विचारलं, "काका, तुम्ही कुठल्या हाताने शिवता?"

"उजव्याच!"

"आणि काल फिल्म किती वेळा पाहिलीत?"

"दोनदा. एकदा घरी, आणि मग भाच्याने फोनवर घेतलेली."

"त्यातले हात डावखुरे होते. तुम्हाला दिसलं नाही?"

काकांच्या भुवया खाली आल्या. त्यांनी आपले दोन्ही हात समोर धरून पाहिले. त्यांची इतकी पंचाईत झालेली बघून पुरवणीला त्यांची खरंच दया आली. "हातच्या काकणाला आरसा कशाला," मोठ्या बाई पुटपुटल्या आणि त्यांनी तो मुद्दा तिथेच सोडला.

आत्यांनी मात्र सोडला नाही. त्यांनी पिशवीतून घडी घातलेली पानं, सुई आणि मेण लावलेला दोरा काढला आणि सगळं साहेबांसमोर टेबलावर मांडलं. "फिल्म तुमची ना? मग घाला एक टाका. डाव्या हाताने. मला बघू दे दोरा कसा टिकतो ते."

साहेबांनी सुईकडे पाहिलं. सुईही त्यांच्याकडेच बघत होती.

"हे मी नाही केलं!" साहेब ताडकन उठले. "मी संकलनाला नव्हतोच. शूटिंगलाही सव्वादहापर्यंतच होतो. हे सगळं हिने केलंय. पहिल्यापासून शेवटपर्यंत!"

"पहिल्यापासून?" मोठ्या बाईंनी विचारलं.

"अगदी पहिल्यापासून!"

"आणि उजव्या स्पीकरचा प्रयोग?"

"तो कसला प्रयोग! पट्टी पुसायची विसरली ती!"

"आणि चौथी फिल्म?"

"चौथीच्या वेळी तर मला ताप…" साहेब म्हणाले आणि थांबले. पण बाण सुटला होता. मोठ्या बाईंनी कागदावर काहीतरी लिहिलं.

"खरं आहे हे?" त्यांनी पुरवणीला विचारलं.

"हो," पुरवणी म्हणाली. "चूक माझी आहे. सगळीच." आपला गुन्हा इतक्या आनंदाने क्वचितच कुणी कबूल केला असेल. एकोणीस वर्षांत पहिल्यांदाच साहेबांनी तिचं काम तिच्या नावावर केलं होतं, आणि तेही साक्षीदारांसमोर. तिला हसू आवरेना.

मग तिने आत्यांकडे पाहिलं आणि हसू आवरलं.

"तुम्ही?" आत्या म्हणाल्या. "तुम्ही तर समोर बसला होतात. मला विचारत होतात, कधीपासून शिवता म्हणून. तुम्हाला दिसत होतं मी कुठल्या हाताने शिवते ते."

त्यांचा राग गेला होता. त्यांना फक्त वाईट वाटत होतं, आणि ते रागापेक्षा भारी पडलं. पुरवणीला इतकी लाज कधी वाटली नव्हती. आपल्यावर अन्याय होतो हे तिला पाठ होतं. पण आपणही बटण दाबून कुणाची साठ वर्षं उलटी करू शकतो, हे आजवर मनात आलं नव्हतं. "चुकलं, आत्या," ती म्हणाली. साहेबांच्या समोर म्हणाली, शिपायाच्या समोर म्हणाली, आणि म्हणताना कुठलीही मखलाशी केली नाही.

मोठ्या बाईंनी चष्मा काढला. "तक्रार आली, म्हणजे नियमाने सहावी फिल्म हिला देता येत नाही."

पुरवणीने मान हलवली. तिने ते आधीच गृहीत धरलं होतं.

"पण पाचवीला दिग्दर्शकच नव्हता, असं आत्ता कळलंय," मोठ्या बाई पुढे म्हणाल्या. "तेव्हा ती अजून झालेली नाही, असं मी धरते." त्यांनी फाइलमधल्या साहेबांच्या नावावर पट्टी ठेवून नीट सरळ रेघ मारली. "पुन्हा करून आणा. तुमच्या नावावर. चुका झाल्या तर त्याही तुमच्या नावावर. ती मला पटली तर हा कागद इथेच आहे, तंबूवाले काही पळून जात नाहीत. आणि साहेब, तुम्ही जरा तब्येतीला जपा."

साहेब "हं" म्हणाले. आज त्यात काही कळण्यासारखं नव्हतं.

दुसऱ्या दिवशी सकाळी साडेआठला पुरवणी कॅमेरावाल्याला घेऊन दुकानात पोचली. काका आधीच तयार होते. खोलीच्या मधोमध, खिडकीच्या उजेडात, स्वतःची खुर्ची मांडून, केस विंचरून बसले होते. आत्या नेहमीच्या जागी पानांच्या घड्या घालत होत्या. त्यांच्या मनगटावर घड्याळ होतं आणि अंगावर स्वतःचे कपडे.

कॅमेरावाल्याने विचारलं, "कुठे लावू?" आणि मग तो पुरवणीकडे बघत थांबला. खोलीतले सगळेच तिच्याकडे बघत थांबले. पुरवणीने मागे वळून पाहिलं. मागे कुणी नव्हतं.

ती आत्यांजवळ जाऊन बसली. "एक टाका घाला बघू," म्हणाली. आत्यांनी घातला. तिने सुई कुठून आत जाते, कुठून बाहेर येते, दोरा कुठल्या बाजूने खेचला जातो, ते सगळं नीट पाहिलं. दुसरा घालायला सांगितला, तोही पाहिला. मग उठून तिने उजेड पाहिला, खिडकी पाहिली, आणि काकांच्या खुर्चीसमोर येऊन उभी राहिली.

"काका, खुर्ची जरा पलीकडे घेता? आत्यांचा हात झाकला जातोय."

काकांनी बहिणीकडे पाहिलं. आत्या सुईत दोरा ओवत होत्या. काका उठले, त्यांनी खुर्ची उचलली आणि दोन पावलं मागे नेऊन ठेवली.

"इथे चालेल?"

"अजून थोडी," ती म्हणाली.